लॉर्ड कॉक्रेनवर वीस मिनिटांचं व्याख्यान कसं बांधावं

नागपुरात समुद्र नाही. त्यामुळे आपल्याकडे वाचनालयात किंवा कॉलेजच्या इतिहास मंडळात एखाद्या आरमारी माणसावर बोलायचं म्हटलं की वक्ता लढायांची यादी वाचून मोकळा होतो. थॉमस कॉक्रेन (१७७५–१८६०) अशा यादीत मावत नाही. स्कॉटलंडमधल्या अर्लचा (अर्ल म्हणजे सरदारकीची एक उपाधी) हा थोरला मुलगा ब्रिटिश आरमारात कप्तान होता आणि खासदारही. समुद्र आणि संसद वेगवेगळे सांगितलेत, तर १८०९ नंतर त्याची कारकीर्द का अडखळली हे श्रोत्यांना उमगणारच नाही.

एक कागद उभा दुमडा. डावीकडे समुद्र, उजवीकडे संसद, मधल्या घडीवर सालं: १८०१, १८०६, १८०९, १८१४, १८१७, १८३२. आधी एवढंच भरा. डावीकडची घटना उजवीकडे काय घडवते, तिथे बाण काढा. बाण नसलेला तपशील कितीही रंजक असला तरी मागे ठेवा.

पहिली तीन मिनिटं घराण्याला द्या, पण वैभवाचं वर्णन नको. वडिलांनी कोळशापासून डांबर काढण्याच्या प्रयोगांत पैसा घालवला होता. उपाधी होती, पैसा नव्हता. म्हणून पकडलेल्या शत्रूजहाजांच्या किमतीतला वाटा त्याला महत्त्वाचा होता. १८०८ पूर्वी त्यातले आठपैकी दोन ते तीन वाटे कप्तानाला मिळत.

इथे तीन चुका हमखास होतात. पहिली: ‘लॉर्ड’ म्हणजे हाउस ऑफ लॉर्ड्सचा, संसदेच्या सरदारांच्या सभागृहाचा, सदस्य, असं समजणं. अर्लचा थोरला मुलगा म्हणून त्याला ते संबोधन केवळ शिष्टाचाराने मिळालं होतं, म्हणूनच तो हाउस ऑफ कॉमन्सची, म्हणजे लोकांनी निवडलेल्या सभागृहाची, निवडणूक लढवू शकला. १८३१ मध्ये वडील वारल्यावर तो डंडोनाल्डचा दहावा अर्ल झाला. तिथून पुढे त्याला डंडोनाल्ड म्हणा. दुसरी: आरमारातला कॅप्टन लष्करातल्या कॅप्टनच्या बरोबरीचा धरणं. तो कर्नलच्या तोडीचा असतो. तिसरी: काकांनी लहानपणीच त्याचं नाव जहाजांच्या हजेरीपटावर घातलं होतं, ते पाहून नोकरीचं साल मागे नेणं. प्रत्यक्षात तो जहाजावर चढला १७९३ मध्ये.

६ मे १८०१ ची लढाई आकड्यांनी सांगा. त्याच्या ‘स्पीडी’ या जहाजावर १४ हलक्या तोफा आणि ५४ माणसं, समोरच्या स्पॅनिश ‘गामो’वर ३२ तोफा आणि ३१९ माणसं. तो थेट गामोच्या कुशीला भिडला. सीताबर्डीच्या किल्ल्यावरची तोफ अगदी पायथ्याशी उभ्या माणसावर डागता येत नाही, तसंच गामोच्या तोफांचं झालं: गोळे स्पीडीच्या डोक्यावरून गेले आणि गामो त्याच्या हाती लागलं. कारण सांगितलं नाही तर ही लढाई दंतकथा वाटते.

सर्वांत जास्त वेळ १८०९ ला द्या, निदान सहा मिनिटं. १८०६ मध्ये तो हॉनिटन मतदारसंघातून निवडून आला होता, १८०७ मध्ये वेस्टमिन्स्टरमधून. एप्रिल १८०९ मध्ये फ्रान्सच्या किनाऱ्याजवळ बास्क रोड्सला त्याने स्फोटकांनी भरलेली आणि पेटती जहाजं फ्रेंच ताफ्यावर सोडली. फ्रेंचांनी घाबरून नांगराचे दोर कापले आणि बरीच जहाजं उथळ पाण्यात रुतली. सरसेनापती लॉर्ड गॅम्बियर मात्र पूर्ण ताकदीने पुढे आला नाही. संसदेत गॅम्बियरच्या अभिनंदनाचा ठराव यायचा होता. खासदार म्हणून आपण त्याला विरोध करू, असं कॉक्रेनने बजावलं. गॅम्बियरने स्वतःच लष्करी न्यायालयाची मागणी केली आणि तो निर्दोष सुटला. हाताखालच्या कप्तानाने वरिष्ठाला सभागृहात खेचायचं ठरवलं, आणि आरमाराने ते विसरलं नाही. कागदावरचा सर्वांत जाड बाण हाच.

१८१४ बद्दल जपून बोला. नेपोलियन मेल्याची खोटी बातमी पसरवून रोखेबाजारात नफा कमावल्याच्या खटल्यात तो दोषी ठरला, आरमारातून आणि संसदेतून काढला गेला. त्याच महिन्यात वेस्टमिन्स्टरच्या मतदारांनी त्याला पुन्हा निवडून दिलं. तो खरंच दोषी होता का, यावर अभ्यासकांत आजही मतभेद आहेत. ‘कटात अडकवलं’ हा त्याचा स्वतःचा दावा आहे, तो तसाच सांगा. त्याचं आत्मचरित्र म्हणजे उतारवयात, दुसऱ्या लेखकाच्या मदतीने मांडलेली बचावाची बाजू आहे. एकट्या त्याच्यावर विसंबू नका.

सीताबर्डीची लढाई झाली त्या १८१७ सालीच त्याने चिलीचं आरमार सांभाळायचं कबूल केलं, हे सांगितलं की काळ श्रोत्यांच्या लक्षात राहतो. वाल्दिव्हिया आणि कायाओ या बंदरांवरचे हल्ले (१८२०), मग ब्राझील, मग ग्रीस हे सगळं नकाशावर बोट ठेवून चार मिनिटांत उरका. १८३२ मध्ये माफी मिळून तो रिअर ॲडमिरल म्हणून परतला, हे विसरू नका.

प्रश्नोत्तरांसाठी एक मुद्दा राखून ठेवा: १८५४ मध्ये नागपूरचं राज्य खालसा झालं, तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांचा डंडोनाल्ड क्रिमियन युद्धात रशियन किल्ले गंधकाच्या धुराने रिकामे करण्याची गुप्त योजना सरकारपुढे मांडत होता.