गोव्याच्या पावसात अरेका पाम आणि आफ्रिकन व्हायोलेट

आमच्या फोंड्याकडे कुळागरं, म्हणजे सुपारीच्या बागा, आहेत त्यामुळे पोफळ सगळ्यांना ठाऊक, पण नर्सरीवाले 'अरेका पाम' म्हणून जे देतात ते पोफळ नव्हे हां, ते मूळ मादागास्करचं, किनाऱ्याकडच्या रेताड जंगलातलं. १८७८ मध्ये त्याला शास्त्रीय नाव दिलं हॅनोव्हरच्या राजबागेतल्या हेर्मान वेंडलांडनं, आजोबा आणि वडीलपण त्याच बागेत होते. आणि मला फार आवडतं ते हे की आपल्या खिडकीतल्या आफ्रिकन व्हायोलेटचं नावही १८९३ मध्ये ह्याच माणसानं ठेवलं, टांझानियाच्या उसंबारा डोंगरातली ती झाडं सेंट पॉल नावाच्या जर्मन अधिकाऱ्याला सापडली होती म्हणून सेंटपॉलिया.

आता कुंडीचं बघू. पामला नुसती आपली तांबडी माती घालू नका, जूनमध्ये चिखल होऊन बसतो आणि मुळं कुजतात. दोन भाग माती, एक भाग जाड वाळू, एक भाग कुजलेलं शेणखत. वाळू समुद्रावरची नको, मिठानं पानांची टोकं करपतात. जागा बाल्कावात, म्हणजे घरापुढच्या ओसरीत, उजेड भरपूर पण दुपारचं ऊन नाही, आणि खालच्या बशीत पाणी साचू देऊ नका. कुंडी बदलताना मुळं सोडवत बसू नका, अख्खा गड्डा उचलून ठेवा.

व्हायोलेटला खरी काळजी लागते. ते सावलीतल्या खडकांवर वाढणारं झाड, त्याला माती नकोच, कोकोपीट (नारळाच्या सोडणाचा भुसा) आणि परलाइट (पांढरे हलके दाणे) निम्मं निम्मं, कोकोपीट आधी दोनदा धुवून घ्या कारण त्यातपण मीठ असतं. पूर्वेची खिडकी बेस्ट. पाणी वरून घालायचं नाही, मध्ये थेंब राहिला की आपल्या दमट हवेत गाभाच सडतो, म्हणून बशीत पाणी ओतून वीसेक मिनिटं कुंडी ठेवा, उरलेलं फेकून द्या, आणि परत वरचा थर सुकल्याशिवाय नाही. पावसाळ्यात कुंड्या चिकटून ठेवू नका, वारा फिरायला हवा. मे महिन्यात फुलं थांबली तर घाबरू नका, उकाडा सोसत नाही त्याला, खत बंद करा.

आणि एक तरी पान लावून ठेवाच. मधल्या वळ्यातलं निरोगी पान, इंचभर देठ ठेवून तिरकं कापा, ओल्या कोकोपीटमध्ये खोचा, वरून पारदर्शक डबा पालथा घाला आणि रोज थोडा वेळ उघडा. दोनेक महिन्यांत देठापाशी उंदराच्या कानाएवढी पिल्लं दिसतात, ती जरा मोठी झाली की वेगळी करायची.