पोकेमॉनमधील एचपी : संघ बांधताना या चुका टाळा

पोकेमॉनच्या खेळांत एचपी (हिट पॉइंट्स, म्हणजे पोकेमॉनची प्राणशक्ती) हा सर्वांत आधी डोळ्यांत भरणारा आकडा आहे. तो दाखवणारी पट्टी रिकामी झाली की पोकेमॉन बेशुद्ध पडतो हे पहिल्याच लढतीत कळते, आणि त्यावरून ज्याचा एचपी मोठा तो जास्त तग धरणार, असा समज मनात पक्का बसतो. कथानक पूर्ण करण्यापुरता हा समज चालून जातो. बरोबरीच्या लेव्हलवर दुसऱ्या खेळाडूशी सामना सुरू झाला की मात्र तक्रारी सुरू होतात : एवढा अवाढव्य पोकेमॉन एका घावात कसा पडला, प्रशिक्षण पूर्ण करूनही आकडा अपेक्षेइतका का दिसत नाही, बेरी (पोकेमॉनसोबत ठेवायचे औषधी फळ) वेळेवर का खाल्ली गेली नाही. या सगळ्यांच्या मुळाशी बहुधा एकच चूक असते, ती म्हणजे एचपीचा आकडा एकटा वाचण्याची. लढतीत तो कधीच एकटा वावरत नाही. एक तर डिफेन्सबरोबर त्याचा गुणाकार होतो, नाहीतर त्याचा अर्धा, चौथा किंवा सोळावा भाग काढला जातो, आणि निकाल त्या हिशेबावर ठरतो.

पुढील आकडे ५० व्या लेव्हलचे आहेत, कारण ऑनलाइन आणि स्पर्धांतील बहुतेक सामने त्याच लेव्हलवर होतात. वेगळे सांगितले नसेल तिथे आयव्ही (प्रत्येक स्टॅटचा, म्हणजे गुणधर्माच्या आकड्याचा, जन्मजात भाग) कमाल म्हणजे ३१, ईव्ही (प्रशिक्षणातून मिळणारे गुण, एका स्टॅटला जास्तीत जास्त २५२) शून्य आणि नेचर (काही स्टॅट वाढवणारा-घटवणारा स्वभाव) परिणामशून्य असे धरले आहे.

मोठा एचपी म्हणजे मोठा टिकाव, असे मानणे

वेलॉर्ड या पोकेमॉनचा बेस एचपी (त्या जातीसाठी ठरलेला मूळ आकडा) १७० आहे आणि शकलचा अवघा २०. प्रत्यक्षात ५० व्या लेव्हलला वेलॉर्डला २४५ एचपी मिळतात, शकलला ९५. आता डिफेन्स, म्हणजे शारीरिक हल्ले झेलण्याची ताकद, पाहावी. वेलॉर्डचा डिफेन्स ६५ भरतो, शकलचा २५०. नुकसानीच्या सूत्रात हल्ल्याची ताकद डिफेन्सने भागली जाते, त्यामुळे टिकावाचा खरा अंदाज एचपी आणि डिफेन्स यांच्या गुणाकारातून येतो. वेलॉर्डचा हा गुणाकार १५,९२५ आणि शकलचा २३,७५० आहे. म्हणजे निम्म्याहूनही कमी एचपी असलेला शकल, टाइपचा (आग, पाणी अशा प्रकारांचा) प्रश्न बाजूला ठेवला तर, शारीरिक हल्ल्यांपुढे वेलॉर्डच्या सुमारे दीडपट टिकतो. पट्टीची लांबी दोघांचीही सारखीच दिसते, म्हणून हा फरक खेळताना लक्षात येत नाही.

याच गणिताचा दुसरा आणि अधिक उपयोगी भाग ईव्ही कुठे घालावेत हे ठरवताना समोर येतो. ब्लिसीचे उदाहरण सर्वांत बोलके आहे. तिचा बेस एचपी २५५ आहे, सर्व पोकेमॉनमध्ये सर्वांत मोठा, आणि बेस डिफेन्स फक्त १०. ईव्हीशिवाय तिचे एचपी ३३० आणि डिफेन्स ३० भरतो. सगळे २५२ ईव्ही एचपीत घातले तर ते ३६२ होतात. तेच डिफेन्समध्ये घातले तर डिफेन्स ६२ होतो. दोन्हीकडे वाढ ३२ गुणांचीच आहे, पण पहिल्या मार्गाने टिकाव सुमारे दहा टक्क्यांनी वाढतो आणि दुसऱ्या मार्गाने शारीरिक हल्ल्यांपुढचा टिकाव दुपटीहून अधिक होतो. ‘हिची ताकद एचपीत आहे, तर तोच आणखी वाढवू’ हा विचार स्वाभाविक असला तरी गणिताच्या विरुद्ध जातो.

मात्र यावरून एचपीत ईव्ही घालूच नयेत, असा उलट निष्कर्ष काढू नये. एचपी शारीरिक आणि विशेष अशा दोन्ही हल्ल्यांपुढे उपयोगी पडतो, तर डिफेन्स एकाच बाजूला. ढोबळ नियम असा की ज्याचे एचपी डिफेन्स आणि स्पेशल डिफेन्स (विशेष हल्ले झेलण्याची ताकद) यांच्या बेरजेपेक्षा कमी आहेत, त्याच्या बाबतीत आधी एचपी वाढवणे फायद्याचे ठरते. बेरजेपेक्षा जास्त असतील तर आधी दोन्ही डिफेन्सकडे पाहावे. बहुतेक पोकेमॉन पहिल्या गटातले आहेत. ब्लिसीचे ३३० एचपी तिच्या दोन्ही डिफेन्सच्या १८५ या बेरजेहून पुष्कळ मोठे असल्याने ती दुसऱ्या गटात बसते.

बेस आकड्यांची थेट तुलना करणे

चॅन्सीचा बेस एचपी २५० आणि डिगलेटचा १०, म्हणजे एकाला दुसऱ्याच्या पंचवीसपट एचपी मिळणार, असे वाचणारे खेळाडू आढळतात. सूत्र तसे चालत नाही. बेस एचपीची दुप्पट करून त्यात आयव्ही आणि ईव्हीचा चौथा भाग मिळवतात, त्या बेरजेला लेव्हलने गुणून १०० ने भागतात, अपूर्णांक सोडून देतात आणि शेवटी त्यात लेव्हल अधिक १० मिळवतात. ही शेवटची भर, म्हणजे ५० व्या लेव्हलला ६०, प्रत्येकाला सारखीच मिळते. त्यामुळे चॅन्सीचे ३२५ आणि डिगलेटचे ८५ होतात. अंतर चौपटीच्याही आत येते. इतर स्टॅटना मात्र या ठिकाणी फक्त ५ मिळतात. म्हणूनच कमी बेस एचपी ही कमी बेस डिफेन्सइतकी मोठी उणीव नसते, आणि कमी एचपीचा पोकेमॉन केवळ बेस आकडा पाहून बाद करणे घाईचे ठरते.

एचपी वाढवणारे नेचर शोधणे

असे नेचर नाही. २५ नेचरपैकी एकही एचपीला हात लावत नाही. नेचर अटॅक, डिफेन्स, स्पीड आणि दोन विशेष स्टॅट यांपुरते असते, त्यामुळे एचपीसाठी मिंट (नेचरचा परिणाम बदलणारी वस्तू) वापरण्यात काही अर्थ नाही.

आकडा जुळत नाही, तेव्हा कारण न शोधता पुन्हा प्रशिक्षण देणे

येथे सर्वाधिक वेळ वाया जातो, आणि बहुतेक वेळा तो पाच मिनिटांच्या हिशेबाने वाचू शकतो. गारचॉम्पचा बेस एचपी १०८ आहे. ५० व्या लेव्हलला ईव्हीशिवाय त्याचे एचपी १८३ आणि पूर्ण २५२ ईव्ही असताना २१५ असायला हवेत. समजा ईव्ही पूर्ण भरल्याची खात्री आहे, तरी पडद्यावर २०७ दिसत आहेत. सूत्र उलटे लावावे : २०७ मधून ६० वजा केल्यावर १४७ उरतात, त्याची दुप्पट २९४ किंवा २९५, त्यातून बेसचे २१६ आणि ईव्हीचे ६३ काढले की १५ किंवा १६ उरतात, आणि तोच त्याचा आयव्ही आहे. दोष प्रशिक्षणाचा नसून जन्मजात आकड्याचा आहे हे कळल्यावर उपाय सोपा होतो. हायपर ट्रेनिंग या सोयीत बॉटल कॅप ही वस्तू देऊन तो आयव्ही ३१ असल्याप्रमाणे धरला जातो. २०१६ च्या सन आणि मूनमध्ये त्यासाठी लेव्हल १०० लागत असे. २०२२ च्या स्कार्लेट आणि व्हायोलेटमध्ये ५० पुरते.

उलट परिस्थितीही वारंवार येते : एचपी अप (एचपीचे ईव्ही वाढवणारे औषध) द्यायला गेले की खेळ ते घेतच नाही, आणि एचपीचे ईव्ही तर अजून भरलेले नसतात. याचे कारण बहुधा एकूण मर्यादेत सापडते. एका पोकेमॉनला सर्व स्टॅट मिळून ५१० ईव्हीच मिळू शकतात, आणि कथानकातल्या लढतींत ते नकळत भलतीकडे साचतात. अशा वेळी नको त्या स्टॅटचे ईव्ही बेरीने उतरवावे लागतात. एचपीचे उतरवण्यासाठी पोमेग बेरी असते, जी आताच्या खेळांत एका वेळी १० ईव्ही कमी करते. जुन्या खेळांत एचपी अप देऊन १०० ईव्हीपलीकडे जाता येत नसे. २०१९ च्या स्वोर्ड आणि शील्डपासून ही अट गेली, त्यामुळे आता २६ बाटल्यांत एचपीचे २५२ ईव्ही पूर्ण भरता येतात.

आणखी एक बारीक गळती आहे. आयव्ही ३१ असताना ५० व्या लेव्हलला पहिला गुण ४ ईव्हीवर मिळतो आणि त्यानंतरचा प्रत्येक गुण ८ ईव्हीवर. म्हणजे ४, १२, २०, २८ असे टप्पे येतात. ज्याने ८ घातले त्याला ४ घालणाऱ्याइतकेच एचपी मिळतात. ‘उरलेले सहा कुठेतरी टाकून दिले’ असे न करता ते कोणत्या टप्प्यावर बसतात हे पाहावे.

शेवटचा आकडा न पाहणे

ज्यांना हिशेबात रस आहे त्यांच्यासाठी एचपीचा सर्वांत सुंदर भाग हाच आहे, असे मला मनापासून वाटते. खेळात कितीतरी परिणाम कमाल एचपीच्या ठरावीक भागाने मोजले जातात आणि अपूर्णांक जवळजवळ नेहमी सोडून दिला जातो. त्यामुळे आकडा सम आहे की विषम, चारने भाग जातो की नाही, यावर सामन्याचा निकाल फिरू शकतो.

स्टेल्थ रॉक (समोरच्याच्या मैदानात दगड पसरून उतरणाऱ्या पोकेमॉनला इजा करणारी चाल) २००६ च्या डायमंड आणि पर्लमध्ये आला. रॉक टाइपपुढे चौपट दुबळा असलेला चारिझार्ड या दगडांवर उतरला की त्याचे निम्मे एचपी जातात. ईव्हीशिवाय त्याचे एचपी १५३ भरतात. एकदा उतरला की ७६ गेले, पुन्हा उतरला की आणखी ७६, आणि तो १ एचपीवर उभा राहतो. आता उरलेले ४ ईव्ही कुणी सहज म्हणून एचपीत टाकले, तर एचपी १५४ होतात, प्रत्येक वेळी नेमके ७७ जातात आणि दुसऱ्या वेळी मैदानात पाऊल ठेवताच तो बेशुद्ध पडतो. एचपी वाढवल्यामुळे पोकेमॉन आधी पडला, हे वाचायला विपरीत वाटते, पण हिशेब सरळ आहे. अर्थात ज्याच्याजवळ हेवी-ड्यूटी बूट्स (अशा दगडांपासून वाचवणारी वस्तू) आहेत त्याला ही काळजी नको.

त्याच ४ ईव्हींचा गारचॉम्पला उलट उपयोग होऊ शकतो. सब्स्टिट्यूट ही चाल कमाल एचपीचा चौथा भाग घेऊन तेवढ्याच एचपीचा बदली पुतळा उभा करते आणि सिट्रस बेरी एचपी निम्म्यावर किंवा त्याखाली आल्यावर खाल्ली जाते. १८३ एचपीच्या गारचॉम्पने दोनदा सब्स्टिट्यूट केले तर प्रत्येकी ४५ जाऊन ९३ उरतात. निम्म्याहून ते किंचित जास्त असल्याने बेरी तशीच राहते. १८४ असतील तर प्रत्येकी ४६ जाऊन बरोबर ९२ उरतात आणि बेरी लगेच खाल्ली जाते. ‘बेरी का लागू झाली नाही’ या तक्रारीचे उत्तर बहुतेक वेळा येथेच असते : या डावपेचासाठी एचपीला चारने भाग गेलाच पाहिजे. तसेच, ५० व्या लेव्हलचा पोकेमॉन सायस्मिक टॉस ही चाल वापरतो तेव्हा नेमके ५० एचपीचे नुकसान होते. आपले सब्स्टिट्यूट त्यातून वाचावे असे वाटत असेल तर ते किमान ५१ चे हवे, म्हणजे कमाल एचपी किमान २०४ हवेत. गारचॉम्पला त्यासाठी १६४ ईव्ही लागतात.

लेफ्टओव्हर्स ही सोबत ठेवायची वस्तू दर फेरीला सोळावा भाग परत देते, म्हणून १९१ एचपीवर ११ आणि १९२ वर १२ मिळतात. लाइफ ऑर्ब (हल्ल्याची ताकद वाढवणारी वस्तू) दर हल्ल्यामागे दहावा भाग घेतो, म्हणून तेथे शेवटी ९ असलेला आकडा बरा. दोन्ही बाबतींत एका गुणाचा फरक आहे, पण लांबलेल्या सामन्यात तो साचत जातो.

पट्टीच्या रंगावर विसंबणे

पट्टी निम्म्यापर्यंत हिरवी, त्याखाली पिवळी आणि सुमारे पाचव्या भागावर आल्यावर लाल होते. खेळातले नियम मात्र या रंगांना बांधलेले नाहीत. चारिझार्डची ब्लेझ ही क्षमता एचपी एक तृतीयांश किंवा त्याहून कमी झाल्यावर जागी होते, म्हणजे १५३ पैकी ५१ वर, जेव्हा पट्टी अजून पिवळीच असते. लाल रंगाची वाट पाहणारा खेळाडू दीडपट ताकदीची फायर चाल उगाच लांबणीवर टाकतो. एका घावात पडण्यापासून वाचवणारी फोकस सॅश ही वस्तू आणि स्टर्डी ही क्षमता यांच्या बाबतीत अट आणखी कडक आहे : एचपी पूर्ण असले तरच त्या वाचवतात. पट्टी भरल्यासारखी दिसत असली आणि वाळूच्या वादळाने थोडेसे एचपी नेले असले, तरी सॅश उपयोगाची राहत नाही.

एकदा वाचला म्हणजे नेहमी वाचेल, असे धरणे

प्रत्येक हल्ल्याच्या नुकसानीला ८५ ते १०० टक्क्यांमधला एक यादृच्छिक गुणक लागतो, म्हणजे सोळा शक्यता. तोच हल्ला, तोच पोकेमॉन आणि तेच एचपी असूनही एकदा तो वाचतो आणि एकदा पडतो. आपल्याला टिकायचे असेल तेव्हा कमाल नुकसान धरून एचपी ठरवावेत. समोरच्याला पाडायचे असेल तेव्हा किमान नुकसान धरून हल्ला निवडावा.

जुन्या पिढीचे मार्गदर्शन नव्या खेळाला लावणे

हायपर पोशन हे औषध २०० एचपी भरून देते, असे अनेक जुन्या मजकुरांत वाचायला मिळते. सन आणि मूनपासून ते १२० देते. भाजल्यामुळे दर फेरीला जाणारा आठवा भाग त्याच खेळांपासून सोळावा झाला. क्रिटिकल हिट (अधूनमधून बसणारा जोरदार घाव) पूर्वी दुप्पट नुकसान करी, २०१३ च्या एक्स आणि वायपासून दीडपट करते. याउलट, जे अजूनही रेड आणि ब्लू किंवा गोल्ड आणि सिल्व्हर आवडीने खेळतात, त्यांनी या लेखातले सूत्र तिकडे नेऊ नये. त्या खेळांत एचपीचा जन्मजात आकडा स्वतंत्र नव्हता. अटॅक, डिफेन्स, स्पीड आणि स्पेशल यांचे आकडे सम आहेत की विषम यावरून तो ठरत असे, आणि चारही विषम असले तरच १५ हा कमाल आकडा मिळे.

शेडिन्जा या पोकेमॉनला कोणत्याही लेव्हलवर १ च एचपी असतो, त्यामुळे त्याच्या एचपीत घातलेले सर्व ईव्ही फुकट जातात. पोकेमॉन गोमध्ये तर ईव्ही हा प्रकारच नाही. तेथे आयव्ही ० ते १५ असतात आणि एचपीचे सूत्रही निराळे आहे, म्हणून वरील सम-विषमाचे आणि चारने भाग जाण्याचे हिशेब त्या खेळातल्या पोकेमॉनना लावू नयेत.