पंपिंग ३० टक्के म्हणजे काय, आणि पुढे काय करायचं

टू-डी इकोचा (हृदयाच्या सोनोग्राफीचा) रिपोर्ट हातात पडला की घरच्या सगळ्यांची नजर एकाच ओळीवर खिळते: एलव्हीईएफ (थोडक्यात ईएफ, म्हणजे हृदयाचं पंपिंग) ३० टक्के. आणि लगेच वजाबाकी होते, म्हणजे ७० टक्के हृदय गेलं! मी हार्ट फेल्युअरच्या (म्हणजे हृदय बंद पडणं नव्हे, ते शरीराला पुरेसं रक्त पोचवू न शकणं) ओपीडीत नर्स आहे. माझं निम्मं बोलणं ही वजाबाकी खोडण्यातच जातं.

१०० टक्के पंपिंग कोणाचंच नसतं. हृदयाच्या डाव्या खालच्या कप्प्यात समजा १२० मिली रक्त भरलं आणि एका ठोक्यात ७० मिली बाहेर पडलं, तर भरलेल्यापैकी बाहेर गेलेल्या रक्ताचं प्रमाण, म्हणजे ईएफ, झाला ५८ टक्के. हा चांगला धडधाकट आकडा. साधारण ५० ते ७० हे नॉर्मल धरतात. आता तोच कप्पा आजाराने सैल होऊन फुगला, त्यात २०० मिली भरू लागलं आणि ६० मिली बाहेर पडलं, तर ईएफ ३० टक्के. आकडा निम्म्यावर आला, पण दर ठोक्याला शरीराला मिळणारं रक्त ७० वरून ६० मिलीवरच आलंय. म्हणून तर ३० टक्केवाले काही जण स्वतःच्या पायांनी चालत ओपीडीत येतात. उलट कप्प्याची भिंत जाड आणि कडक झाली, ८० मिलीच भरलं आणि ५० मिली गेलं, तर रिपोर्टवर ६२ टक्के छापून येतं आणि माणूस जिन्याच्या अर्ध्यावर धापा टाकतो. तेही हार्ट फेल्युअरच.

हा आकडा येतो कसा, तेही एकदा बघून ठेवा. इको करणारी व्यक्ती पडद्यावर दोन चित्रं थांबवते, कप्पा पूर्ण भरलेला आणि पूर्ण आकसलेला. दोन्हींच्या आतल्या कडेवरून कर्सरने रेघ ओढते आणि मशीन त्यावरून घनफळ काढतं. कड पुसट दिसली, तर रेघ अंदाजाने जाते. काही ठिकाणी तर रेघही ओढत नाहीत, अनुभवी नजरेने आकडा लिहितात. त्यामुळे एकाच पेशंटच्या दोन रिपोर्टांत पाच टक्क्यांचा फरक सहज पडतो. ३२ चे ३५ झाले म्हणून आनंद नको आणि ३५ चे ३२ झाले म्हणून रात्रभर जागरणही नको. ठोके अनियमित असतील, म्हणजे एट्रियल फिब्रिलेशन असेल, तर प्रत्येक ठोक्याचा ईएफ वेगळा येतो, सरासरी घ्यावी लागते. जमेल तेव्हा पुढची इको त्याच ठिकाणी करा.

मग या आकड्याचा उपयोग काय? औषधं ठरवायला. ४० किंवा कमी, ४१ ते ४९, आणि ५० किंवा वर असे तीन गट पाडतात. सगळ्यात भक्कम पुरावा पहिल्या गटाच्या औषधांचा आहे, म्हणून त्यावर जरा सविस्तर.

चार प्रकारची औषधं लागतात. पहिलं सॅक्युबिट्रिल-वलसार्टन, किंवा ते जमत नसेल तर रामिप्रिल, एनालाप्रिलसारखी गोळी. (रामिप्रिलवरून सॅक्युबिट्रिलवर जाताना मध्ये ३६ तासांचं अंतर लागतंच, नाहीतर चेहरा, जीभ, घसा सुजण्याचा धोका वाढतो. दोन्ही एकत्र कधीच नाही.) दुसरा बीटा ब्लॉकर: कार्व्हेडिलॉल, बिसोप्रोलॉल किंवा मेटोप्रोलॉल सक्सिनेट. तिसरं स्पायरोनोलॅक्टोन किंवा एप्लेरेनोन. चौथं डापाग्लिफ्लोझिन किंवा एम्पाग्लिफ्लोझिन. या चौथ्यावरून हमखास वाद होतो, 'मला शुगर नाही, मधुमेहाची गोळी का दिली?' २०१९ च्या डापा-एचएफ अभ्यासात मधुमेह नसलेल्यांनाही तिचा फायदा दिसला, म्हणून दिली. ५० च्या वर ईएफ असलेल्यांनाही हीच गोळी उपयोगी पडते.

गोळी चालू असणं आणि गोळी पुरेशा डोसला असणं यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. कार्व्हेडिलॉल ३.१२५ मिलीग्रॅमने सुरू करतात. गाठायचा डोस बहुतेकांसाठी २५ मिलीग्रॅम, दिवसातून दोनदा. पण 'त्रास नाही ना, मग चालू द्या' म्हणत लोक वर्षभर ३.१२५ वरच बसून राहतात. २०२२ च्या स्ट्राँग-एचएफ अभ्यासात डिस्चार्जनंतर दोन आठवड्यांत डोस पूर्णावर नेले, रक्त आणि प्रकृती वरचेवर तपासली, तेव्हा मृत्यू किंवा हार्ट फेल्युअरसाठी पुन्हा भरती, हे एकत्र धरलेलं प्रमाण कमी झालं. म्हणून दर भेटीत डॉक्टरांना एवढंच विचारा: यातल्या कुठल्या गोळीचा डोस अजून वाढायचा बाकी आहे, आणि अडलंय कशामुळे?

अडतं ते बहुधा बीपी, रक्तातलं पोटॅशियम किंवा क्रिएटिनिन (किडनीचं काम दाखवणारा आकडा) यांमुळे. वरचं बीपी १०० आहे पण उठताना चक्कर येत नाही, तर सहसा चालतं. येत असेल तर फोन करा, मनाने गोळी बंद करू नका, बीटा ब्लॉकर तर एकदम मुळीच नाही. बऱ्याचदा आधी लघवीची गोळी कमी करून भागतं. स्पायरोनोलॅक्टोन सुरू केल्यावर किंवा वाढवल्यावर एक-दोन आठवड्यांत रक्त तपासायलाच हवं. आणि 'लो सोडियम' मीठ घरात आणू नका, त्यात सोडियमच्या जागी पोटॅशियम असतं आणि स्पायरोनोलॅक्टोनसारख्या गोळ्यांनी ते आधीच वाढू शकतं. गुडघेदुखीसाठी डायक्लोफिनॅक, आयबुप्रोफेन नको, त्याने पाणी साठतं आणि किडनीवर ताण येतो.

फ्युरोसेमाइड, टॉरसेमाइड या लघवीच्या गोळ्या सूज आणि दम उतरवतात, हृदय सुधारत नाहीत. त्यांचा हिशेब वजनकाट्यावर. सकाळी लघवी झाल्यावर, काही खाण्यापिण्याआधी, त्याच काट्यावर वजन घेऊन वहीत लिहा. तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर ते पाणीच, फोन करा. नडगीच्या हाडावर अंगठा पाच सेकंद दाबून धरा, खड्डा राहिला तर तेही लिहा. उलट्या-जुलाब होऊन खाणंपिणं बंद पडलं तरी लगेच कळवा, काही गोळ्या तेवढ्यापुरत्या थांबवाव्या लागतात.

औषधं नीट बसल्यावर तीनेक महिन्यांनी पुन्हा इको करतात. दर महिन्याला करून काही साधत नाही. तेव्हाही ईएफ ३५ च्या आतच असेल, तर अचानक ठोका बिघडून मृत्यू येऊ नये म्हणून आयसीडी (ठोका बिघडला की शॉक देणारं, शरीरात बसवायचं यंत्र) बसवायची चर्चा होते. ईसीजीत डाव्या बाजूचा बंडल ब्रँच ब्लॉक (विजेचा संदेश डाव्या बाजूला उशिरा पोचणं) असेल तर सीआरटीचाही (दोन्ही बाजू एकदम आकसवणारा पेसमेकर) विचार होतो. आणि आकडा ५० च्या वर गेला तरी गोळ्या सोडायच्या नाहीत. ट्रेड-एचएफ नावाच्या छोट्या अभ्यासात पंपिंग सुधारलेल्यांच्या गोळ्या देखरेखीखाली थांबवल्या, तर सहा महिन्यांत सुमारे ४० टक्के जणांचा आजार परतला.

रात्री दम लागून उठून बसावं लागलं, छातीत दुखलं, शुद्ध हरपली किंवा गुलाबी फेसाळ थुंकी आली, तर वही, वजन, फोन काही नको. थेट इमर्जन्सी गाठा, सोबत गोळ्यांची पाकिटं घ्या.