गावातल्या बंद पडलेल्या टेसनचा इतिहास कसा काढायचा

आपल्याकडे विदर्भात बंद टेसनं काही कमी नाहीत. मूर्तिजापूर-यवतमाळ, मूर्तिजापूर-अचलपूर, पुलगाव-आर्वी ह्या शकुंतलेच्या (आपली जुनी छोटी नॅरोगेज गाडी) तिन्ही लाइनी आहेत, अकोटच्या वर मेळघाटात वान रोडसारखी टेसनं आहेत. पण कोणालाही विचारा, पहिलं वाक्य ठरलेलं, "इंग्रज कंपनीला अजून भाडं जाते भाऊ". ते राहू द्या बाजूला, त्याचा करार कागदावर बघितल्याशिवाय लिहू नका. सुरुवात मोजायच्या टेपनं करा.

रूळ शिल्लक असतील तर आतल्या कडेपासून आतल्या कडेपर्यंत मोजा. 762 मिलिमीटर म्हणजे अडीच फुटी नॅरोगेज, 1000 म्हणजे मीटरगेज (अकोला-खंडवा लाइन आधी हीच होती), 1676 म्हणजे ब्रॉडगेज. हे कशाला तर लाइन कोणाची ते कळायला, कारण कागद त्याच हिशोबानं विखुरलेले असतात. शकुंतलेची मालकी सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनीकडे, जी किलिक निक्सन कंपनीनं 1910 ला उभी केली, गाडी मात्र चालवायची जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे) अन 1951 नंतर मध्य रेल्वे. तिकडे नागपूर-नागभीड पण नॅरोगेजच होती, 2019 ला बंद झाली, पण ती बंगाल नागपूर रेल्वेची, म्हणजे मध्य रेल्वेच्या भुसावळ ऑफिसात चकरा मारून तिचं काही हाती लागणार नाही.

रुळाच्या बाजूला उठावाची अक्षरं असतात, बनवणाऱ्याचं नाव आणि साल. खडू घासा आणि सकाळी तिरप्या उन्हात फोटो काढा, मोबाईलवर पण चांगलं वाचता येते. फक्त त्या सालालाच टेसनचं साल समजू नका, जुने रूळ दुसरीकडून काढून पण टाकत असत. रूळच नसले तर गूगलच्या सॅटेलाइट नकाशात बघा, वावरांच्या मधून एकदम सरळ किंवा हळूच वळत गेलेली बाभळीची पट्टी दिसली की समजा तीच लाइन. मग भूमी अभिलेखच्या ऑफिसातून गावनकाशा काढा, त्यात रेल्वेची जागा वेगळी दिसते. जमीन कोणाकडून गेली ते जुन्या फेरफारात सापडू शकते, 'आपले अभिलेख' पोर्टलवर स्कॅन केलेले कागद आहेत, मोडी असलं तर वाचणारा शोधावा लागेल.

आता माणसं. माझ्या मते खरा माल इथंच आहे, आणि लोक इथंच घाई करतात. म्हाताऱ्या बाबाजीला "कोणतं साल?" असं विचारू नका, ते काहीतरी सांगतील आणि तुम्ही लिहून घ्याल. विचारा की 72 च्या दुष्काळात गाडी चालू होती का, कापसाच्या गठाणी कुठून चढायच्या, बंड्या (बैलगाड्या) कुठं उभ्या राहायच्या, इंजिन पाणी कुठं घ्यायचं, तिकीट खिडकीवर मिळायचं का गार्डच फाडायचा. यवतमाळच्या शकुंतलेचं वाफेचं इंजिन एप्रिल 1994 ला जाऊन डिझेल आलं, म्हणजे धुरानं कपडे काळे झाल्याची आठवण असली तर ती त्याच्या आधीची, हिशोब सोपा. कोणाच्या पेटीत पुठ्ठ्याचं तिकीट निघालं तर दोन्ही बाजूंचा फोटो घ्या. त्यावर तिसरा वर्ग असला तर ते 1974 च्या आधीचं, कारण तेव्हा तो वर्ग बंद झाला. बाया माणसांना पण विचारा, माहेरी कोणत्या गाडीनं जायच्या ते त्यांना टायमासकट पाठ असते, गड्यांना नसते.

पुस्तकात बघायचं तर इंग्रजांच्या काळातली जिल्हा गॅझेटियर (जिल्ह्याच्या माहितीची सरकारी पुस्तकं) नेटवर फुकट आहेत. अमरावतीचं 1911 चं आहे, त्यात तुमचं टेसन नसलं तर घाबरू नका, लाइन पुस्तकाच्या नंतर झाली असेल, वर्ध्याकडची पुलगाव-आर्वी तर 1917 ची, त्यामुळे राज्य सरकारनं नंतर काढलेली आवृत्ती पण चाळा. तरीही अडलं तर रेल्वेला आरटीआय टाका, ऑनलाइन होते, फी 10 रुपये, उत्तर 30 दिवसांत यायला पायजे. "सगळी माहिती द्या" असं लिहिलं की टोलवतात, म्हणून टेसनचं नाव टाकून एकच कागद मागा, टेसन बंद केल्याचा आदेश किंवा जुनं टाइमटेबल.

आणि फिशप्लेट (रूळ जोडायची पट्टी), खिळे, नावाची पाटी घरी आणू नका. गाडी बंद असली तरी तो रेल्वेचा माल आहे, 1966 च्या कायद्यानं केस होते. पावसाळ्यात टेसनच्या पडक्या खोल्यांत शिरू पण नका, साप असतात.