कल्पित जगातील दीक्षेची कसोटी कशी रचावी

अद्भुतकथेत दीक्षेचा जीवघेणा प्रसंग लिहायचा ठरला की बहुतेक लेखक आधी धोका शोधू लागतात: धगधगते कुंड, अथांग दरी, नाहीतर गुहेच्या तोंडाशी बसलेला एखादा अक्राळविक्राळ रखवालदार. माझ्या मते सुरुवात तेथून करू नये. त्या जगातील माणसे कशावर जगतात हे आधी ठरवावे आणि धोका त्यांच्या रोजच्या कामातूनच उचलावा. वानुआतू देशातील पेंटेकोस्ट बेटावरचे पुरुष आणि मुलगे घोट्यांना वेली बांधून उंच लाकडी मनोऱ्यावरून जमिनीकडे झेप घेतात. या विधीचा संबंध तेथील कोनफळाच्या जातीच्या कंदाच्या पिकाशी आहे आणि तो साधारण एप्रिल ते जून या काळात होतो, कारण पावसाळ्यानंतर वेलींत झेप झेलण्याइतका लवचीकपणा असतो. 1974 साली ब्रिटनच्या राणीच्या भेटीनिमित्त ही झेप हंगामापूर्वीच घेतली गेली, वेली तुटल्या आणि एकाचा जीव गेला. पीक, ऋतू, वेल आणि मृत्यू अशा एकाच धाग्यात गुंफलेले असले की वाचकाला धोका वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

समजा, आपल्या कल्पित जगात एका खाडीच्या मुखाशी वस्ती आहे आणि तिचे सारे जगणे भरती-ओहोटीवर चालते. जो पाणी ओळखतो तोच तेथे नाव हाकतो, तोच खाजणाचे बांध राखतो. अशा वस्तीत दीक्षा घेणाऱ्या मुलीला ओहोटीला उघड्या पडणाऱ्या गुहेत शिरून, एक पूर्ण भरती आत काढून, पुढच्या ओहोटीला बाहेर यावे लागत असेल, तर कसोटी त्या जमिनीतूनच उगवल्यासारखी वाटते. आता हिशेब नीट करावा. आपल्या पृथ्वीवर दोन भरत्यांमध्ये सुमारे 12 तास 25 मिनिटे जातात, अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण येते आणि अष्टमीच्या सुमारास भांगाची, म्हणजे कमी पाण्याची, भरती असते. केवळ देखणे दिसतात म्हणून आकाशात दोन चंद्र टांगणाऱ्या लेखकांची संख्या मोठी आहे, पण दोन चंद्र असतील तर भरतीचे पंचांगच बदलेल, हे त्यातील थोड्यांनाच आठवते. ते आठवले तर कसोटीचा दिवस आपोआप हाती येतो: दोन्ही चंद्र एका रेषेत येतात तो उधाणाचा दिवस, जो पिढीत एकदाच उगवतो आणि ज्या दिवशी गुहेतील नेहमीची कोरडी कपारही पाण्याखाली जाते.

यानंतर ही दीक्षा आहे की दिव्य, हे स्वतःशी स्पष्ट करावे. दिव्य हे खरेखोटे ठरवण्यासाठी असते. याज्ञवल्क्यस्मृतीत तुला, अग्नी, जल, विष आणि कोश अशी पाच दिव्ये सांगितली आहेत, आणि मराठेशाहीत वतनाच्या तंट्यांत उकळत्या तेलातुपातून धातूचा तुकडा काढण्याचे रवादिव्य होत असे. दिव्यातून माणूस निर्दोष किंवा दोषी ठरून बाहेर येतो, पण तो असतो पूर्वीचाच. दीक्षेतून मात्र दुसराच माणूस बाहेर यायला हवा. तरीही दिव्याकडून एक गोष्ट जरूर उचलावी, ती म्हणजे तयारीचा काटेकोरपणा. रवादिव्यापूर्वी हात धुऊन नखे कापत आणि नंतर हाताला पिशवी बांधून तिच्यावर मोहोर करीत. उकळत्या तेलाच्या लांबलचक वर्णनापेक्षा शांतपणे नखे कापली जाण्याचे हे एक वाक्य अधिक भीती उत्पन्न करते, असा माझा अनुभव आहे.

प्रसंगाचा सांगाडा उभा करताना मानववंशशास्त्रज्ञ आर्नोल्ड व्हान गेनेप यांनी 1909 साली मांडलेली अशा विधींची विभागणी आजही उपयोगी पडते: आधी जुन्या जगापासून ताटातूट, मग उंबरठ्यावरची अधांतरी अवस्था आणि शेवटी समाजात पुन्हा प्रवेश. ताटातुटीचे सर्वांत प्रखर उदाहरण आपल्या ओळखीचे आहे, कारण संन्यास घेणारा साधक दीक्षेपूर्वी स्वतःचे श्राद्ध स्वतःच्या हाताने करतो. आपल्या खाडीकाठच्या वस्तीतही आदल्या संध्याकाळी मुलीच्या वाटचे ताट वाढून ते पाण्यात सोडले जावे आणि त्यानंतर कोणी तिच्याशी बोलू नये.

उंबरठ्याचा भाग सर्वांत जास्त वेळ मागतो, कारण गूढ जे काही आहे ते येथेच घडायचे असते. त्याचे नियम वाचकाला गुहेत शिरण्यापूर्वीच कळलेले असावेत. पाणी गळ्याशी आल्यावर लेखकाने नवा मंत्र काढला तर वाचकाला फसवल्यासारखे वाटते आणि ते रास्तच आहे. समजा, नियम असा आहे की चढते पाणी बुडून मेलेल्यांच्या आवाजात प्रश्न विचारते आणि प्रत्येक खऱ्या उत्तराला ते एक वीत थांबते, पण उत्तर देणाऱ्याची त्याबद्दलची आठवण घेऊन जाते. म्हणजे जगायचे तर विसरावे लागणार. येथे एक खोटी सुटकाही ठेवावी. कठोपनिषदातील नचिकेता यमाच्या दारी तीन रात्री उपाशी राहतो, पण त्याची खरी परीक्षा उपवासाची नसून त्यानंतर यम देऊ करतो त्या संपत्तीची आणि दीर्घायुष्याची असते. आपल्या मुलीलाही एखाद्या ओळखीच्या आवाजाने कोरड्या वाटेने घरी जाण्याचा मार्ग दाखवावा आणि तो मार्ग खरोखरच सुरक्षित असावा.

वेदना मोजूनमापून वापरावी. ॲमेझॉनच्या खोऱ्यातील सातेरे-मावे समाजात मुलगे जहाल नांगीच्या मुंग्या विणलेले हातमोजे घालतात, तेही एकदाच नव्हे तर पुन्हा पुन्हा. एकदा सोसणे अज्ञानाने जमू शकते. दुसऱ्यांदा हात पुढे करणारा मुलगा काय येणार हे जाणून असतो, म्हणून लेखकाने दुसरी वेळ विस्ताराने लिहावी आणि पहिली थोडक्यात उरकावी.

सगळे उघड मात्र करू नये. प्राचीन ग्रीसमध्ये अथेन्सजवळच्या इल्यूसिस येथे शतकानुशतके हजारो लोकांनी गुप्त दीक्षा घेतली, रहस्य फोडणाऱ्याला मृत्युदंडाची तरतूद होती, आणि तेथील सभागृहात नेमके काय दाखवले जाई हे आजही कोणाला ठाऊक नाही. वस्तीतील म्हाताऱ्यांना कसोटीतील एक तरी गोष्ट माहीत असावी जी ते सांगत नाहीत, आणि कादंबरी संपली तरी ती वाचकालाही कळू नये. नापास झालेल्यांचे काय होते हे मात्र लिहावेच. सगळेच मरतात असे म्हणणे ही पळवाट झाली. अर्ध्यातून परतलेला एक प्रौढ माणूस वस्तीत जाळी दुरुस्त करीत बसलेला दिसावा, ज्याला नाव हाकण्याची मुभा नाही.

परतीचा प्रवेश बहुतेक हस्तलिखितांत मेजवानी आणि जयघोषात वाया जातो. त्याऐवजी ओहोटी लागलेली असावी, किनाऱ्यावर माणसे उभी असावीत, आणि आई लहानपणापासूनच्या लाडक्या नावाने हाक मारत असावी. मुलगी पाण्याकडे पाहून भरतीला किती वेळ आहे ते अचूक सांगते, पण त्या हाकेला मान वळवत नाही.