छोट्या ग्रुपने नवं नाटक बसवताना या चुका टाळा

सात-आठ जणांचा ग्रुप, आजचं नाटक, आणि सगळे मिळून सगळं करणार. असं काम जमतं तेव्हा त्याच्यासारखा आनंद नाही. पण 'सगळे मिळून' ठरलेलं काम शेवटी कुणाच्याच अंगावर नसतं आणि तेच तेच घोळ बघून आता खरंच वैताग आलाय.

सगळ्यात वाईट चूक म्हणजे टेक्निकल तालीम, म्हणजे लाइट, साउंड आणि सामान बदलण्याची तालीम, प्रयोगाच्या दिवशी दुपारी उरकणं. एका ग्रुपला मी बॅकस्टेजला मदत करत होते, अभिनयाच्या तालमी महिनोन्‌महिने झालेल्या, पण सीन बदलायची प्रॅक्टिस कायम ट्यूबलाइटच्या उजेडात, "हां, आता अंधार झाला" असं म्हणून. प्रयोगात खरा ब्लॅकआउट झाला आणि टेबल उचलायला आलेले दोघंही एकाच बाजूला गेले, खाटवाले विंगेच्या तोंडाशी अडकले, लाइटवाल्याने त्याच्या संहितेच्या कॉपीत लिहिलं होतं तसा लाइट घेतला आणि लोकांना दिसली चार जणांची टेबलाशी झटापट. आधीचा सीन मरणाचा होता. हॉल हसला, आणि तो सीन जीव ओतून केलेली मुलगी विंगेत रडत उभी होती.

तिचा काय दोष? आणि सामान उचलणाऱ्यांचाही काय? अंधाराला पूर्ण सरावायला डोळ्यांना वीस-तीस मिनिटं लागतात, भगभगीत लाइटमधून आलेल्या माणसाला सुरुवातीला काहीच दिसत नाही. म्हणून सामानाच्या कोपऱ्यांना अंधारात चमकणाऱ्या रेडियम टेपचे छोटे तुकडे, विंगेत मंद निळा दिवा, आणि कुणी कुठली बाजू धरायची ते नावासकट लिहून ठेवलेलं. लोकांची नजर दुसरीकडे असेल तर मी नटांना ब्लॅकआउटच्या थोडं आधीच डोळे मिटायला सांगते, फरक पडतो. रंगीत तालमीच्या आधी एक अख्खा दिवस फक्त क्यू टू क्यू ठेवा. क्यू म्हणजे लाइट, साउंड किंवा सामान बदलायचा इशारा; संवाद गाळून एका क्यूवरून थेट पुढच्या क्यूवर जायचं. नवीन मुलांना हे बोअर होतं, त्यांना थेट 'फील' हवा असतो. होऊ दे बोअर. क्यू एकानेच द्यायचे, आधी 'स्टँडबाय' मग 'गो', आणि 'गो' हा शब्द हेडसेटवर एरवी तोंडातून काढायचाच नाही.

दुसरी चूक परवानगीची. नवं नाटक म्हणजे लेखकाचे हक्क जिवंत असतात. बर्न करार या कॉपीराइटच्या आंतरराष्ट्रीय करारानुसार लेखकाच्या मृत्यूनंतर किमान पन्नास वर्षं, बऱ्याच देशांत सत्तर. अनुवादित नाटक करत असाल तर अनुवादकाचीही परवानगी लागते. तालमी सुरू करून मग मेल टाकणारे मला अजिबात आवडत नाहीत. आणि परवानगी मिळाली म्हणजे वाट्टेल ते कापायची-बदलायची मुभा मिळाली असं नाही. १९८४ साली अमेरिकन रेपर्टरी थिएटरने नाटककार सॅम्युएल बेकेटचं 'एंडगेम' संहितेतली जागा बदलून पडीक भुयारी रेल्वेत घडवलं, बेकेटने हरकत घेतली आणि शेवटी त्याचा निषेध कार्यक्रमपत्रिकेत छापून प्रयोग झाले. एखादं वाक्य गाळायचं असेल तरी आधी विचारा.

बाकीचं पटकन. नटांनी एकमेकांना नोट्स द्यायच्या नाहीत, दिग्दर्शकाला सांगा, तो सांगेल. या एका सवयीने चांगले ग्रुप फुटलेले बघितलेत. ब्लॉकिंग, म्हणजे कुणी कधी कुठे उभं राहायचं आणि कुठे जायचं, ते पक्कं झाल्यावर हातात संहिता नको, अडलात तर प्रॉम्प्ट घ्या. खऱ्या वस्तू शेवटच्या आठवड्यात नाही, लवकर आणा, कारण रिकाम्या कपातून चहा प्यायची सवय हाताला एकदा लागली की भरलेला कप सांडतोच.

आणि मोबाइल, आजच्या नाटकात तो असतोच. रिंग हॉलच्या मोठ्या स्पीकरमधून वाजते, नट फोन उचलून "हॅलो" म्हणतो तरी वाजतच राहते. छोटा स्पीकर सेटवर फोनच्या जवळ लपवा, आणि साउंडवाल्याला आवाज बंद करायचा क्यू शब्दावर देऊ नका, हातावर द्या: फोन टेबलावरून उचलला की कट. नटाचा स्वतःचा फोन वापरत असाल तर तो फ्लाइट मोडवर आहे का, हे एन्ट्रीच्या आधी विंगेत दुसऱ्या कुणीतरी बघायचं.