गुऱ्हाळावर कॅमेरा घेऊन जाताय?

आधी लग्नांचं शूटिंग केलं, मग बावीस वर्षं माहितीपट. माझं नाव शेवटच्या पाट्यांत येतं, तेव्हा निम्मी माणसं चपला शोधत असतात. ते असो. कोल्हापूरच्या गुऱ्हाळात कॅमेरा कसा लावायचा, एवढं मात्र मला विचारा.

पहिल्या आधणाला, म्हणजे रसाच्या पहिल्या काहिलीला, कॅमेरा बॅगेतच राहू द्या. घाण्यातून रस येतो, काहिलीत उकळतो, भेंडीचं पाणी पडलं की मळी वर येते. दोन-तीन तास जातात. तेवढा वेळ गूळ करणाऱ्या गुळव्याच्या हाताकडे बघा. घड्याळ तो बघत नाही. पाकाचा थेंब गार पाण्यात टाकून बोटांनी गोळी वळून बघतो. मनासारखी वळली की कोणाला न सांगता उठतो आणि काहील गूळ गार करायच्या वाफ्यात रिकामी होते. पहिल्या खेपेला नेमका तेव्हाच मी बॅटरी बदलत होतो. गुळव्या म्हणाला, "पावणं, गूळ तुमच्यासाठी थांबतोय व्हय?" पुढच्या आधणापर्यंत चिपाडाच्या ढिगावर बसून राहिलो. आता मळी काढायला घेतली, की निम्मी शिल्लक असली तरी बॅटरी बदलतो.

थंडीच्या पहाटे गार लेन्स थेट वाफेत नेली की धुरकटते. पुसून उपयोग नाही, परत धरते. बॅग दाराशी उघडून ठेवा, चहा घ्या, वीसेक मिनिटांनी आत जा. पुढं साधा यूव्ही फिल्टर हवाच. पाक उडतो, आणि वाळलेला पाक कोरड्या फडक्यानं घासलात तर काच गेली. ओलं कापड वापरा.

काहिलीखालच्या चुलवणाशी एक्स्पोजर जाळावर धरा. जाळ घालणाऱ्याचा चेहरा अर्धा अंधारात गेला तरी चालतो, पण केशरी एकदा पांढरा झाला की एडिटिंगला परत येत नाही. व्हाइट बॅलन्स ऑटोवर नको, दार उघडलं की रंग हलतो. वर ट्यूब असेल तर 25 फ्रेम आणि शटर 1/50. आपली वीज 50 हर्ट्झची, तिच्याशी न जुळणारं शटर ठेवलंत तर पट्टे येतात.

एका दिग्दर्शकानं ड्रोनच हवा म्हणून दिवस घालवला. वरून धुराडं दिसतं. गोळी वळणारी बोटं दिसत नाहीत.

आपल्याकडं कॅमेऱ्याला कोणी बिचकत नाही. बाबूराव पेंटरांनी 1918 मध्ये सिनेमाचा देशी कॅमेरा इथंच बनवला, पुढं स्टुडिओ आले. म्हणून अडचण उलटी आहे: माणसं पोझ देतात, केस सारखे करतात. त्यावर उपाय एकच. टोपण लावलेला कॅमेरा अर्धा तास मांडीवर घेऊन गप्पा मारा. कंटाळून ती कामाला लागतात.

घाणा थांबला की मिनिटभर नुसता आवाज भरून घ्या: जाळ, उकळणारा पाक.

आणि फिल्म झाली की पेनड्राइव्ह घेऊन परत जा. मी गेलो होतो. गुळव्यानं मोबाईलवर सगळं बघितलं, दोनदा मागं नेऊन बघितलं, आणि म्हणाला, "ही मळी मी उशिरा काढली बघा."